आर्मंडने पळवलेला नंबर

१४ जानेवारी

पापा नोव्हेंबरात गेले. त्यांच्याबरोबर त्यांचा नंबरही गेला, हे मला आज कळलं.

बँकेत गेले होते. काचेमागे डार्सी बसलेली. शाळेत असताना मी चालवते त्या शाळेच्या बसमध्ये शेवटच्या बाकावर बसून ओकायची, आता नखं रंगवून मलाच शहाणपण शिकवते. म्हणाली, "मिस बोल्डक, तो कराचा नंबर तुमच्या वडिलांच्या एकट्याच्या नावावर होता. ते गेले, नंबर संपला. मालक बदलला की केंद्राच्या कर खात्याकडून नवा आणायचा. तो आणा, मी लगेच धंद्याचं खातं उघडून देते."

मी म्हटलं, "झाडं तीच आहेत. काहील तीच आहे. रसही नेहमीसारखाच गळणार आहे."

"हो, पण मालक कोण?"

"मी आणि माझा भाऊ."

"मग दोघांनी बसून ठरवा. अर्जात जबाबदार माणूस म्हणून एकाचंच नाव घालता येतं."

एकाचंच. पोरगी सहज बोलून गेली, पण घरी येईपर्यंत माझ्या डोक्यात दुसरं काही नव्हतं. नंबर नाही तर खातं नाही. खातं नाही तर सेंट जॉन्सबरीचा व्यापारी पिंपं उचलणार नाही. मग मार्चमध्ये मेपलला रस सुटला की तो आटवून केलेली काकवी मी काय अंघोळीला वापरू? पापांनी हे घर मला दिलं, रस्त्यापलीकडचं आर्मंडला, आणि गुऱ्हाळ दोघांना मिळून. जाता जाता भांडण लावून गेले. आता ज्याचं नाव त्या अर्जात, गुऱ्हाळ त्याचं. आर्मंडच्याही हे लक्षात आलं असणारच. तो घुम्या आहे, बावळट नाही.

१७ जानेवारी

आर्मंड येऊन गेला. बूट न झटकता आत आला आणि चुलीजवळ बर्फाचं डबकं करून उभा राहिला. बस म्हटलं नाही मी.

"तुझ्या सोशल सिक्युरिटीच्या कार्डावर नुसतं नोएला आहे की मारी-नोएला?" त्याने विचारलं.

"कशाला हवंय तुला?"

"असंच. वकिलाकडे चाललोय उद्या."

"वकिलाकडे? माझ्या पाठीमागे?"

"पाठीमागे असतं तर इथे आलो असतो का? नोएला, जरा ऐकून घे. गुऱ्हाळाचं मी असं ठरवलंय की..."

"तू ठरवलंस! तू कोण ठरवणारा?"

"मोठा भाऊ."

"मोठा असशील तुझ्या घरी. मी कशावरही सही करणार नाही, आधीच सांगून ठेवते."

"सही नकोच आहे तुझी," तो म्हणाला.

बघा म्हणजे! सहीही नको म्हणे. मी दार उघडून उभी राहिले, तेव्हा कुठे गेला. खिडकीतून पाहिलं, तर अंगणातून रस्त्यापर्यंत जाताना दोनदा थांबून गुऱ्हाळाकडे बघत राहिला. आत्ताच मालक झाल्यासारखा. एवढी हाव बरी नव्हे ह्या वयात.

२ फेब्रुवारी

त्याच्या आधी आपणच अर्ज करायचा असं ठरवलं. माझ्याकडे संगणक नाही, म्हणून वाचनालयात गेले. तिथे कामाला असलेल्या विनीने मशीन लावून दिलं, कर खात्याचं पान उघडलं, आणि पानावर काय लिहिलेलं, तर अर्ज फक्त सोमवार ते शुक्रवार घेतले जातील.

"अगं, आज शनिवार आहे," विनी म्हणाली.

"मशीनला कसला आला शनिवार? ते काय चर्चला जातं?"

"माझ्यावर का ओरडतेस? मी बंद केलंय का?"

विनी माझ्याबरोबर पहिलीपासून शाळेत होती. तिच्याशिवाय ह्या गावात माझ्याशी कोणी धड बोलत नाही, आणि तीही हल्ली उलट बोलायला लागली आहे.

५ फेब्रुवारी

आज मंगळवार. बसची सकाळची फेरी संपवून थेट वाचनालयात.

काय काय विचारतात! धंदा कशाचा, सुरू कधी झाला, नोकर किती ठेवणार. धंदा माझ्या पणजोबांनी सुरू केला, ती तारीख कुठून आणू? विचार करत बसले, तर मशीनने मला बाहेरच काढलं. बराच वेळ काही टंकलं नाही, म्हणून भरलेलं सगळं पुसून टाकलं म्हणे. मी चांगल्या शिव्या घातल्या. लहान मुलांच्या कोपऱ्यातली एक आई पोराला उचलून निघून गेली.

विनीने खुर्ची ओढली. "सरक. मी लिहिते, तू सांग. धंद्याचं नाव?"

"बोल्डक गुऱ्हाळ. दुसरं काय असणार?"

"थांब, राज्याच्या नोंदीत हे नाव मोकळं आहे का ते आधी बघू." तिने काहीतरी दाबलं आणि पडद्याच्या जवळ सरकली.

"काय झालं?"

"मोकळं नाही गं. बोल्डक गुऱ्हाळ नावाची कंपनी जानेवारीतच नोंदवली आहे."

"कोणी?"

"नोंदवणाऱ्याचं नाव इथे आहे." तिने पडदा माझ्याकडे वळवला. आर्मंड बोल्डक.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. सख्खा भाऊ. पापांच्या श्राद्धाची मेणबत्ती अजून विझली नाही आणि ह्याने नावसुद्धा गिळलं. नोंद केली म्हणजे नंबरही घेतलाच असेल. विनी म्हणत होती, "अगं, नोंदवणारा म्हणजे मालक असं काही नसतं, नुसतं अर्ज नेऊन देणाऱ्याचंही नाव पडतं. त्याला विचार तरी." विनीला जगात कोणी वाईट दिसतच नाही. म्हणून तर तिचा नवरा पळून गेला.

६ फेब्रुवारी

विचारलं. फोन करून.

"गुऱ्हाळ नोंदवलंस?"

"हो. करून टाकलं ते काम. नंबरसुद्धा घेतला. तू काळजी करू नकोस."

काळजी करू नकोस! चोर घर फोडतो आणि वर सांगतो, आता झाडायची काळजी नको.

"कोणाच्या नावावर?"

"तू आधी ओरडायची थांब, मग सांगतो."

"मी ओरडत नाहीये!"

"मला इथे रस्त्यापलीकडे फोनशिवाय ऐकू येतंय, नोएला."

मी फोन आपटला. मग गावात गेले आणि दुकानातलं सगळ्यांत जाड कुलूप आणलं. गुऱ्हाळाच्या दाराला आजवर कधी कुलूप नव्हतं. पापा म्हणायचे, काहील चोरून नेणाऱ्याला ती उचलायला चार माणसं लागतील आणि चौघांना काकवी खायला द्यावी लागेल. पापांना स्वतःच्या मुलाची ओळख नव्हती.

१२ फेब्रुवारी

शेरिफच्या कचेरीत गेले. डेप्युटी लेनी गुडरिच, हाही माझ्याच बसमधला. निदान हा ओकायचा नाही.

"मिस नोएला, बंदीची नोटीस? आर्मंडवर?" तो पेन खाली ठेवून माझ्याकडे बघतच राहिला. "म्हणजे तुमच्या हद्दीत पाय ठेवला तर मी त्यांना धरून न्यायचं? आर्मंडना?"

"आर्मंडलाच. दुसरा आर्मंड आहे का गावात?"

"चहा वगैरे घेऊन बघा एकदा दोघं. भाऊ-बहीण आहात."

"लेनी, तू बसमध्ये खिडकीतून डोकं बाहेर काढायचास, तेव्हा मी चहा पाजला होता का तुला?"

त्याने नोटीस लिहून घेतली. म्हणाला, बर्फाने रोज गाड्या घसरताहेत, जमेल तेव्हा पोचवीन. आणि दारापर्यंत येऊन पुन्हा विचारलं, "नक्की ना?"

नक्की.

८ मार्च

चार दिवस मेपलच्या झाडांना टोच्या मारतेय. बर्फ अजून मांडीपर्यंत. एकेका झाडाशी जायचं, सालीला भोक पाडायचं, नळी ठोकायची, बादली अडकवायची. गुडघे रात्री ठणकतात. आर्मंड समोर त्याच्या ओट्यावर घोंगडी पांघरून बसून बघत असतो. आजवर दर वर्षी वरच्या चढावरची झाडं तो टोचायचा, खालची मी. यंदा एका झाडाला हात लावला नाही. गडी माझ्याकडून टोचून घेणार आणि मग नंबर दाखवून काकवी उचलणार.

एक मात्र केलं त्याने. मी बस घेऊन गेले होते तेव्हा गुऱ्हाळाच्या बाहेरच्या भिंतीला लाकडं रचून ठेवली. साल वर करून, अगदी आर्मंडची रचाई. म्हणजे जागेवर आपली खूण करून गेला. कुत्री करतात तशी. मी सगळा ढीग उतरवून साल खाली करून पुन्हा रचला. पाठ मोडली, पण तो बघत होता, ह्याचं समाधान झालं.

१९ मार्च



रस सुटला. रात्री कडाक्याचं गोठलं आणि सकाळी ऊन पडताच सगळ्या बादल्या टपटपायला लागल्या. दुपारच्या आत टाकी भरली आणि मी चुलवण पेटवलं. आणि नेमका आजच कर खात्याला फोन लावलेला. विनीने सांगितलं होतं की नंबरवर तक्रार असेल तर फोनवरच बोलावं लागतं, आणि फोनवर माणूस यायला अर्धा दिवस जातो. फोन आहे स्वयंपाकघरात. मी तो मोठ्या आवाजावर टाकला, खिडकी सताड उघडली आणि खाली गुऱ्हाळात येऊन लाकडं सारायला लागले. एक बाई सांगायची, तुमचा फोन आमच्यासाठी मोलाचा आहे, आणि मग एक बासरी. तीच ती बासरी सगळ्या अंगणात. समोर आर्मंडही ऐकत असणार. ऐकू दे म्हटलं, ही त्याचीच वरात आहे.

काहिलीशी दोन माणसं लागतात. एक विस्तवाशी, एक काकवी काढायला. एकटं असाल आणि बाहेर जायचंच असेल, तर आधी विस्तव ओढायचा. हे मी चालायला शिकले तेव्हापासून मला माहीत आहे. पण बासरी थांबली आणि खिडकीतून "हॅलो?" ऐकू आलं, तेव्हा मी काहीसुद्धा केलं नाही. नुकतीच लाकडं कोंबली होती, तशीच टाकून पळाले. कुलूप लावायला मात्र विसरले नाही. मी आत नसताना तो आत शिरेल, ह्या धास्तीने मी महिनाभर क्षणभर बाहेर पडले तरी कुलूप लावते.

फोनवर कोणी तरुण मुलगा होता.

मी म्हटलं, "माझ्या भावाने आमच्या गुऱ्हाळाचा नंबर पळवलाय."

"मॅडम, आधी तुमचं नाव, पत्ता आणि सोशल सिक्युरिटी नंबर सांगा."

सांगितलं.

"कंपनीचं नाव?"

"बोल्डक गुऱ्हाळ."

"हं, आहे. मॅडम, ह्या नंबरची माहिती आम्ही फक्त अर्जातल्या जबाबदार माणसालाच देतो."

"ते माहीत आहे मला! आणि तो जबाबदार माणूस चोर..."

"तुम्हीच आहात, मॅडम."

"काय?"

"जबाबदार माणूस म्हणून तुमचंच नाव आहे. मारी-नोएला बोल्डक."

मला ते नीट कळायला वेळ लागला. "आणि मालक? मालक दोघं आहेत ना?"

"नाही. मालक किती, ह्यापुढे एक लिहिलंय."

"एक कोण?"

"तुम्हीच, मॅडम. नंबर उतरवून घेता का?"

पेन्सिल सापडेना. मग सापडली. त्याने सावकाश आकडे सांगितले, मी पुन्हा सांगायला लावले, आणि तो दुसऱ्यांदा सांगत असतानाच मला वास आला. करपलेल्या साखरेचा. हा वास एकदा नाकात गेला की माणूस मरेपर्यंत विसरत नाही.

धावत आले तर गुऱ्हाळाच्या छपरातून पांढऱ्या वाफेऐवजी काळा धूर. दार उघडं. कडीसकट कुलूप चिखलात पडलेलं आणि बाजूला लाकडं फोडायचा घण. आत आर्मंड. चुलवणाची दारं त्याने उघडली होती, टाकीची तोटी बर्फाने अडली होती ती बुक्क्या मारून मोकळी केली होती, आणि काहिलीत कच्चा रस धो धो पडत होता. पुढची काहील जळून काळी ठिक्कर. मागची वाचली.

आणि मी काय केलं? मी कुलुपाबद्दल ओरडले. नवीन होतं म्हणून.

तो बाहेर येऊन चिखलात बसला. भिंतीला टेकून, तोंड उघडं टाकून, चेहरा राखेसारखा. म्हणाला, "आधी काहील बघ."

"बघितली! तू माझ्या एकटीचं नाव का घातलंस?"

"एकाचंच मागत होते."

"मालक दोघं लिहिता आले असते. आत्ता विचारलंय मी."

"हो. आले असते."

"मग?"

बराच वेळ नुसता श्वास घेत राहिला. "मला आता तो चढ नको, नोएला."

आळशी! सत्तरीतच थकला. पापा ऐंशीव्या वर्षी चढायचे. मी तसं त्याला तोंडावर सांगितलं आणि तो उठून घरी गेला. दोनदा थांबत.

२० मार्च

रात्रभर विचार केला आणि आता मला सगळं लक्षात आलं. जबाबदार माणूस म्हणजे उद्या कर चुकला, दंड बसला, तर मान माझी. आर्मंड नामानिराळा. स्वतःचा अर्धा हिस्सा वकिलाकडे जाऊन माझ्या नावावर केला, तो उगीच नाही. जळता निखारा माझ्या पदरात टाकून स्वतः ओट्यावर बसायला मोकळा. मोठेपणाचा मोठेपणा आणि सुटकेची सुटका.

विनीला हे सांगितलं. ती म्हणाली, "नोएला, तू वेडी आहेस का गं?" आणि चक्क फोन ठेवला. तिने!

लेनीला सांगून ती नोटीस थांबवायला हवी होती, हे दुपारी आठवलं. फोनपाशी जाऊन परत आले. येऊ दे नोटीस. दोन दिवस हबकला तर बिघडत नाही. मलाही त्याने कमी हबकवलं नाही.

२३ मार्च

लेनी आज नोटीस देऊन गेला. गाडीचा लाल-निळा दिवा न लावता आला, तेवढी लाज त्याला आहे. मी खिडकीतून पाहिलं. दूधवाल्याचा ट्रक थांबला होता, तोही बघत होता. आर्मंडने चष्मा लावून उभ्याउभ्याच वाचलं, लेनीशी हात मिळवला आणि दार लावून घेतलं. एकदाही माझ्या घराकडे मान वळवली नाही.

मला वाटलं होतं येऊन भांडेल. संध्याकाळपर्यंत वाट पाहिली.

२५ मार्च

जळकी काहील दोन दिवस व्हिनेगर घालून घासली. बूड जरा वाकडं झालंय, पण चालेल. आज पुन्हा रस सुटला. विनी अजून फुगलेली, त्यामुळे एकटीच पेटवलं.

थोड्या वेळाने रस्त्यावरून आवाज. "चुलवणाचं दार लाव! विस्तव पुढे येतोय!"

बघते तर आर्मंड. सरकारी रस्त्याच्या कडेला खुर्ची टाकून बसलेला, घोंगडी पांघरून. बुटाची टोकं अगदी माझ्या हद्दीच्या खांबाला लागलेली, पण आत नाहीत.

"तिथून काय कळतं तुला?" मी ओरडले.

"वाफेवरून कळतं! पिवळी पडायला लागली, काढ आता! ढवळू नकोस, काढ!"

"एवढं कळतं तर आत येऊन काढ की!"

"मला बंदी आहे!"

"मी मालक आहे, मी म्हणते ये!"

"तुझ्या म्हणण्याने नाही येणार! कागद लेनीच्या हातून आला, परतही त्याच्याच हातून येऊ दे!"

"मर मग तिथेच थंडीत!"

"आधी टाकीची तोटी बघ! परत अडकली असेल!"

अडकली होती. सबंध दुपार असंच. तो वाफ बघून ओरडायचा, मी उलट ओरडून तेच करायची. दूधवाल्याने ट्रक थांबवून थोडा वेळ मजा पाहिली आणि हसत गेला. संध्याकाळी पिंप भरलं आणि एक थेंब करपला नाही. हे मी त्याला सांगितलं नाही. त्यानेही विचारलं नाही. खुर्ची घेऊन उठला, ती जड लागली म्हणून रस्त्यातच ठेवून तसाच घरी गेला. मी जाऊन उचलली आणि त्याच्या ओट्यावर आपटून आले.

२८ मार्च

लेनीकडे गेले. नोटीस मागे घ्यायची म्हटल्यावर तो हसला नाही, ह्याबद्दल त्याचे आभार.

"इथे मालक म्हणून सही करा," तो म्हणाला. गुऱ्हाळाची मालक म्हणून ही माझी पहिली सही. लेनीने कागद माझ्याच हाती दिला, म्हणाला, "ह्या वेळी तुम्हीच द्या, मिस नोएला."

आर्मंडच्या दारात न्यू हॅम्पशायरची गाडी उभी. त्याची मुलगी कोलेट त्याची बॅग भरत होती. मला बघून तिने हातातला शर्ट पलंगावर टाकला.

"आलीस आत्या? काही राहिलंय का अजून? डॅडींना बेड्या घालायच्या असतील तर लवकर घाल, संध्याकाळी हॉस्पिटलमध्ये भरती करायचंय."

"कसलं हॉस्पिटल?"

"तुला माहीत नाही?" ती माझ्याकडे बघत राहिली, मग त्याच्याकडे. "तुम्ही हिला सांगितलंच नाहीत? आत्या, ऑक्टोबरमध्येच डॉक्टर म्हणाले, हृदय थकलंय. चढ चढायचा नाही, थंडीत राबायचं नाही. म्हणून तर जानेवारीत सगळं तुझ्या नावावर करून आले. आणि गेल्या आठवड्यात घण उचलला. त्यानंतर झोपच नाही, श्वास लागतो."

आर्मंड खुर्चीत बुटाच्या नाड्या बांधत होता. म्हणजे बांधायचा प्रयत्न करत होता.

मी त्याला म्हटलं, "तोंड नव्हतं तुला? मला का नाही सांगितलंस?"

"आलो होतो सांगायला."

"कधी?"

"जानेवारीत. तू ओरडलीस. मग फोनवर सांगणार होतो, तिथेही ओरडलीस."

"मी नेहमीच ओरडते! तू कधीपासून मनावर घ्यायला लागलास?"

"मी नव्हतो घेत," तो म्हणाला.

मी लेनीचा कागद पुढे केला. त्याने चष्मा लावून पूर्ण वाचला, घडी घालून खिशात ठेवला. "बरं केलंस. पण मी आता येत नाही."

"राग आला तुला?"

"आला. कुलूप लावलंस, हसलो. रचलेली लाकडं उलटी केलीस, तेव्हाही हसलो. पण माझ्या दारात पोलीस पाठवलास, नोएला. दूधवाला बघत होता. पापांच्या काहिलीशी मी जन्मभर उभा राहिलो, आणि मला तिथे पाय ठेवायची बंदी."

"मला वाटलं तू चोरलंस."

"हो. तेच." एवढंच म्हणाला.

मी खाली बसून त्याच्या नाड्या बांधल्या. त्याने पाय मागे घेतला नाही. कोलेटने गाडी काढली. मी म्हटलं, "बरा होऊन ये." तो म्हणाला, "बघू." आर्मंड कधी 'बघू' म्हणत नाही. हो म्हणतो, नाहीतर नाही म्हणतो.

३ एप्रिल

खातं उघडलं. डार्सीने नंबर तपासला आणि म्हणाली, "अभिनंदन, मिस बोल्डक. आता सगळं तुमच्या एकटीचं." दुसऱ्या कोणाचं नाव सहीसाठी घालायचं का, असंही विचारलं. मी आर्मंडचं सांगितलं. ती म्हणाली, त्यांना इथे यावं लागेल. मग राहू दे म्हटलं.

कोलेट फोन उचलते. बरे आहेत, झोपले आहेत म्हणते. दर वेळी झोपलेलेच असतात.

आज रस असा धावला की बादल्या उतू गेल्या. विनी आली, विस्तवाशी उभी राहिली. तिला काही येत नाही, पण सांगितलं तेवढं केलं. मी मधूनमधून बाहेर येऊन आमच्या छपरावरची वाफ बघत होते. रस्त्यावरून ती कशी दिसते, ते मला कधी माहीतच नव्हतं.

गुऱ्हाळ हवं होतं मला, खोटं कशाला बोलू? पण ते आर्मंडशी भांडून हवं होतं. भांडून अर्धं मिळालं असतं तरी चाललं असतं.

सोन्यासारखी काकवी झाली. विनीने चाखली आणि म्हणाली, फारच छान. तिला काय कळतंय. मी पेला हातात धरून उभी राहिले आणि रस्त्यावरून कोणी नावं ठेवतंय का, ह्याची वाट पाहत राहिले.